अर्ध्या टाकीला फुली नाही

परवा शेजाऱ्यांनी रेल्वे कंपनीने काढलेली एक छापील पुस्तिका वाचायला आणून दिली. घाटात मालगाड्या ओढण्यासाठी विलायतेहून आणलेल्या जुन्या आठचाकी इंजिनांवर तिच्यात अर्धं पान खर्ची घातलं आहे. ती किती मोठी होती, बोटीतून सुट्या भागांत कशी आली, मुंबईला कशी जोडली, हे सगळं ठीक आहे. शेवटी मात्र लिहिलंय की उतारावर ही इंजिनं भरवशाची नव्हती, म्हणून मोडीत काढावी लागली. मी ते वाक्य दोनदा वाचलं आणि पुस्तिका पलंगाखाली भिरकावली. बायको म्हणाली, "अहो, परत द्यायचीय ती." मग वाकून काढली, धोतराच्या सोग्याने पुसली आणि कोनाड्यात ठेवली. पण राग काही गेला नाही. भरवशाची नव्हती म्हणे! ज्या माणसाला ती इंजिनं आतून-बाहेरून ठाऊक होती त्याच्यासमोर हे वाक्य कुणी उच्चारलं असतं, तर त्याने त्या शहाण्याला कॉलरला धरून इंजिनाखाली ओढलं असतं आणि चाकन् चाक दाखवूनच बाहेर सोडलं असतं.

तो माणूस म्हणजे कल्याणच्या इंजिन शेडमधले आमचे मिस्त्री.

राणीच्या ज्युबिलीच्या आगेमागे मी त्या शेडच्या ऑफिसात कारकून होतो. ठाण्याहून जाऊन-येऊन करायचो. माझ्याकडे इंजिनांची वही असे. प्रत्येक इंजिनाला तिच्यात काही पानं दिलेली होती. कुठला भाग कधी बदलला, काय मोडलं, कुणी दुरुस्त केलं, सगळं इंग्रजीत टिपून ठेवायचं. मिस्त्री मला 'भटजी' म्हणायचे. मी भटजी नव्हतो, सत्यनारायणाची पोथीसुद्धा मला धड सांगता आली नसती. पण लेखणी हातात धरून बसतो तो भटजी, असा त्यांचा सरळ हिशेब होता.

ते कोलशेतचे. खाडीकाठचे ख्रिस्ती, वाडवडील मिठागरात राबलेले. ठेंगणे, रुंद खांद्यांचे, डोक्याला कायम तेलकट लाल रुमाल. गळ्यात काळ्या दोऱ्यात ओवलेला लहानसा क्रूस असायचा आणि इंजिनाखाली शिरताना तो कुठे अडकू नये म्हणून ते दातांत धरायचे. त्यामुळे खालून ते जे काही ओरडायचे त्यातलं अक्षर कुणाला कळायचं नाही, आणि कळलं नाही म्हणून बाहेर आल्यावर सगळ्यांना शिव्या बसायच्या. रविवारची प्रार्थना त्यांनी कधी चुकवली नाही. शिव्याही कधी चुकवल्या नाहीत. मी एकदा त्यांना विचारलं, "मिस्त्री, पाद्रीबाबा काही बोलत नाहीत का तुम्हाला?" तर म्हणाले, "पाद्रीला मी सांगून टाकलंय. शिवी मी लोखंडाला देतो. मानूस मधी आला तर त्याचा तो बघंल."

त्या इंजिनांना शेडमध्ये सगळे 'पखाली' म्हणायचे. त्यांना पाणी ठेवायला वेगळा डबा नव्हता. पाण्याची टाकी बॉयलरच्याच पाठीवर दोन्ही अंगांनी ओघळलेली, पखाल लादलेल्या रेड्यासारखी. आठही चाकं दांड्यांनी एकमेकांना जोडलेली. इंजिनाचं वजन, कोळशाचं वजन, पाठीवरच्या पाण्याचं वजन, सगळं त्या आठ चाकांवर. कसाऱ्याच्या पुढे घाट चढायला-उतरायला दुसरं काही चालतच नव्हतं. पुढे पाण्याचा डबा मागे जोडलेली नवी मोठी इंजिनं आली तेव्हा पखाली यार्डात मालाच्या वाघिणी ढकलू लागल्या, आणि म्हाताऱ्या झाल्या तेव्हा मोडल्या. वय झालं म्हणून मोडल्या. पुस्तिकावाल्यांनी हे लिहायला काय हरकत होती?

मिस्त्री पखालींना नंबराने ओळखत नसत. शेडात होत्या तेवढ्या सगळ्यांना त्यांनी आपल्या नातेवाइकांची नावं वाटली होती. एकीच्या सांध्यांतून सारखं पाणी गळायचं, ती मावशी. एक सकाळी तापायलाच तयार नसायची पण एकदा तापली की थांबायची नाही, ती धाकटी आत्या. एकीची चाकं ओल्या रुळावर जागच्या जागी फिरायची, तो मामा, कारण मामा ताडी पिऊन येताना घराच्या पायरीवर तसाच करायचा. वहीत लिहिताना माझी पंचाईत व्हायची. ते येऊन सांगायचे, "भटजी, लिव. आत्येची चाकावरची डावी कमान बदलली." मग मी आत्या कुठली ते शोधत पानं चाळायचो.

उन्हाळ्यात नदीचं पाणी ओसरलं की भरतीला खाडीचं पाणी वर चढायचं, आणि ते बॉयलरला विषासारखं. साहेबांकडे पाणी तपासायची काचेची नळी होती. मिस्त्रींकडे जीभ होती. बोट बुडवायचे, चाटायचे, थुंकायचे आणि नळ बंद करायला लावायचे. एकदा साहेबाच्या नळीने पाणी चांगलं ठरवलं आणि यांच्या जिभेने वाईट. नळी खोटी निघाली. "मना मीठ शिकवतंय," ते दिवसभर पुटपुटत होते, "मी मिठान जन्मलो."

पण त्यांची खरी सत्ता होती ती खडूच्या फुलीत. इंजिन घाटाकडे निघण्याआधी ते हातोडीने एकेक चाक वाजवायचे, ब्रेकचे ठोकळे हाताने चाचपायचे, टाकीचं झाकण उघडून आत बघायचे, आणि ड्रायव्हरकडून वर पोचल्यावर टाकी पुन्हा काठोकाठ भरण्याचं वचन घ्यायचे. मग पुढच्या आडव्या तुळईवर खडूने एक फुली काढायचे. कंपनीच्या कुठल्याही नियमात ही फुली नव्हती. कागदावर ती नव्हतीच. पण ड्रायव्हर पारशी असो, गोरा असो, फुली असल्याशिवाय इंजिन हलवत नसे. फायरमन तर वर पायच ठेवत नसत.

आमचे जुने फोरमन साहेब विलायतेला परत गेले आणि नवे आले. तरुण, टापटिपीचे, वाईट माणूस मुळीच नव्हे. त्यांना आकडेमोडीची हौस होती. आल्यावर महिन्याभरात त्यांनी असं गणित मांडलं की पखालीची टाकी अर्धीच भरली तर इंजिन हलकं होतं, मग तितक्याच दमात दोन वाघिणी जास्त ओढता येतील, शिवाय पाणी भरण्यातला वेळ वाचेल. कागदावर गणित चोख होतं. मीच ते सुवाच्य अक्षरात उतरवलं आणि भिंतीला हुकूम डकवला. घाटाच्या पखाली यापुढे अर्ध्या टाकीने जातील, वर आणि खाली दोन्हीकडे.

मिस्त्रींना वाचता येत नव्हतं. पाद्रीने शिकवलेली रोमन अक्षरातली सही तेवढी यायची. मी हुकूम वाचून दाखवला. त्यांनी पुन्हा वाचायला लावला. मग बाहेर गेले, मामाची टाकी उघडून पाहिली आणि खडू खिशात टाकला.

"अर्ध्या टाकीला फुली नाय," ते म्हणाले.

साहेब बाहेर आले. त्यांचं हिंदुस्तानी नवं होतं. "मिस्त्री, निशान मारो. हमारा हुकूम है."

"हुकूम तुमचा, फुली माझी. नाय मारत."

पाऊण तास इंजिन शेडच्या तोंडाशी सूं-सूं करत उभं. साहेबांचे कान लाल झाले होते, पण त्यांनी विचारलं, कारण काय? ही गोष्ट मी त्यांच्या बाजूने मुद्दाम नोंदवतो. मिस्त्रींनी इकडेतिकडे पाहिलं आणि माझ्यावर बोट रोखलं. "भटजी, वहाना काढ."

ऑफिसच्या दाराशी तेल सांडून गुळगुळीत झालेला लोखंडी पत्रा होता. मला त्यावर अनवाणी उभं केलं. कमरेला दोर बांधला आणि दुसरं टोक खडवलीच्या एका फायरमनच्या हातात दिलं. हा फायरमन माझ्याएवढाच बारका होता. "तू इंजिन," मिस्त्री मला म्हणाले, "तो मागची गाडी. गाडी उतारावरनं पळतंय. धर तिला." फायरमनने ओढलं आणि मी पत्र्यावरून सपशेल घसरत त्याच्या छातीवर जाऊन आदळलो. सगळं शेड हसलं. मग मिस्त्रींनी कोळशाचं भरलेलं पोतं माझ्या पाठीवर लादलं. माझे गुडघे कुरकुरले, डोळ्यांपुढे काजवे चमकले. "आता ओढ." त्याने ओढलं. माझे पाय हलले नाहीत. त्याने दात-ओठ खाऊन ओढलं. पाय पत्र्याला चिकटल्यासारखे.

"बघितलं?" मिस्त्री साहेबांकडे वळले. "पानी वझं नाय, सायेब. पानी तिचे पाय. चढताना तुमचं गनित चालंल. उतरताना गाडी तिला खाली लोटनार, तवा पाठीवर वझं नसंल तर ब्रेक दाबून काय करनार? चाक थांबंल, इंजिन घसरत जाईल."

दुसरा एखादा साहेब हसला असता, त्याने पाठ थोपटली असती. पण भोवती चाळीस माणसं हसत उभी होती आणि साहेबांच्या गणिताला एका कोळसा लागलेल्या कारकुनाने हरवलं होतं. ते आत गेले. थोड्या वेळाने मला बोलावून त्यांनी एका कागदाचा मजकूर सांगितला. मिस्त्रीला कामावरून कमी करण्यात येत आहे. कारण, कामात अकुशल. मी लेखणी थांबवली. त्यांनी वर पाहिलं. मी लिहिलं. हे मला लिहायला आवडत नाही, पण मी ते माझ्या हाताने, माझ्या सुंदर अक्षरात लिहिलं, आणि वहीतही नोंदवलं.

मिस्त्रींनी कागद घेतला. "काय लिवलंय?"

मी सांगितलं. त्यांनी शिवी दिली नाही. कागदाची घडी घालून रुमालात खोवली. त्या दिवसापासून त्यांनी मला भटजी म्हणणं सोडलं. हाकच मारली नाही.

मला वाटलं, ते कोलशेतला जातील. दुसऱ्या दिवशी सकाळी शेडच्या बाहेर, गाडीरस्ता रूळ ओलांडतो त्या फाटकाशी, ते एका उपड्या टोपलीवर बसलेले दिसले. शेजारी हातोडी, खिशात खडू. पहिली पखाल निघाली. तिचा पारशी ड्रायव्हर फाटकाशी आला आणि त्याने इंजिन थांबवलं. मिस्त्री उठले, चाकं वाजवली, टाकीवर चढून झाकण उघडलं. अर्धी. त्यांनी मान हलवली. ड्रायव्हरने मुकाट्याने इंजिन मागे घेतलं, नळाखाली काठोकाठ भरलं आणि परत आणलं. वर भरण्याचं वचन दिलं. मग फुली.

हे रोज होऊ लागलं. साहेबांनी हवालदार धाडला. हवालदार डोकं खाजवत परत आला, "साहेब, रस्ता सरकारी आहे. म्हातारा टोपलीवर बसलाय. त्याला कुठल्या कलमाखाली उठवू?" साहेबांनी ड्रायव्हरांना ताकीद दिली, फाटकाशी थांबायचं नाही. ड्रायव्हर म्हणायचे, रस्त्यावर बैलगाडी होती. कल्याणात त्या दिवसांत बैलगाड्या फार झाल्या होत्या. मिस्त्रींना पगार नव्हता. शेडातल्या खलाशी मजुरांच्या बायका भाकरी पाठवायच्या. मीही एकदा डबा घेऊन गेलो. त्यांनी तो माझ्या हातून घेऊन शेजारच्या कुत्र्यापुढे ठेवला. कुत्र्याने चवीने खाल्ला.

मग साहेबांनी दुसऱ्या शेडहून एक नवा ड्रायव्हर आणवला. त्याला पखालींची सवय नव्हती आणि फुलीचं कुणी सांगितलं नव्हतं. त्याच्याबरोबर फायरमन दिला तो खडवलीचाच. त्या दिवशी मामा फाटकातून न थांबता गेला. मी खिडकीतून पाहत होतो. फायरमन इंजिनावरून लटकून ओरडला, "मिस्त्री, अर्धीच हाय!" मिस्त्री खडू घेऊन इंजिनामागे धावले. साठीचा माणूस खडीवरून धावत होता आणि लोक त्यांना धरायला धावत होते. गाडी पुढच्या वळणाआड गेली तरी ते धावत होते.

घाट उतरताना व्हायचं ते झालं. ब्रेक लागले, चाकं थांबली, आणि थांबलेल्या चाकांवर इंजिन घसरत निघालं, मागून सगळ्या वाघिणी. अशा वेळेसाठी घाटात मूळ रुळाला फुटून वर डोंगरात चढणारा एक फाटा बांधलेला असतो. सांधेवाल्याने गाडी त्यावर वळवली, म्हणून माणसं जगली. फायरमनने त्याआधी उडी टाकली होती. त्याचा पाय मांडीत मोडला.

चौकशीला मुंबईहून मोठे साहेब आले. आमच्या फोरमन साहेबांनी आधीच लिहून ठेवलं होतं की ब्रेकचे ठोकळे सदोष होते आणि ते जुन्या मिस्त्रीने बसवले होते. मी वही उघडून दाखवली. ठोकळे मिस्त्रींना काढल्यानंतर बदलले होते, तारीख होती, ज्याने बसवले त्याचं नाव होतं. मोठ्या साहेबांनी ते पान दोनदा वाचलं. मूर्ख माणूस नव्हता तो. त्यांनी मिस्त्रींना बोलावणं पाठवलं.

मिस्त्री आले. रुमाल धुतलेला होता. खिडकीबाहेर सगळं शेड जमलं होतं, खलाशी, फायरमन, फाटकावर धाडलेला हवालदारसुद्धा. मोठ्या साहेबांनी मला दुभाषा केलं. त्यांचं म्हणणं असं, की अर्ध्या टाकीचा हुकूम आपण मागे घेऊ, मिस्त्रींना पूर्वीच्या जागेवर घेऊ. फक्त एका कागदावर सही हवी. ठोकळ्यांच्या कामात माझ्याकडून हयगय झाली, एवढंच. फोरमनची अब्रू राहील, कंपनीची राहील, सगळं मिटेल.

मी भाषांतर केलं. मिस्त्रींनी विचारलं, "हुकूम खरंच फिरवनार? लिवून?"

मोठे साहेब म्हणाले, लिहून.

"मंग आधी लिवा. भिंतीला लावा. मंग सहीचं बघू."

मी हुकूम लिहिला. पखाली पूर्ण टाकीने जातील, वर आणि खाली. मोठ्या साहेबांनी सही केली. तो भिंतीवर डकवला, खाली मी मराठीत लिहिलं आणि बाहेर सर्वांना वाचून दाखवलं. फायरमन एकमेकांच्या पाठीत गुद्दे मारू लागले. मग आत येऊन मी तो दुसरा कागद मिस्त्रींपुढे ठेवला, टाक शाईत बुडवून दिला.

त्यांनी टाक घेतला, कागदाकडे पाहिलं, आणि टाक परत दौतीत ठेवला.

"नाय करत," ते म्हणाले.

फोरमन साहेब उठून उभे राहिले. धोका दिला, ते म्हणाले, हुकूम आम्ही बदलला आणि आता हा सही करत नाही.

"भटजी, त्याला सांग," मिस्त्री म्हणाले. कितीतरी दिवसांनी त्यांनी मला हाक मारली होती. "हुकूम फिरवला तो चुकीचा व्हता म्हनून फिरवला. माझ्या सहीची किंमत म्हनून फिरवला असंल तर उतरवून टाका भिंतीवरनं, भायेर हायत त्यांच्यादेखत. मी काम चुकवलं नाय. चुकवलं असं लिवून नोकरी घेनार नाय. पोराचा पाय मोडला तो माझ्या हातानं नाय मोडला."

मी जसंच्या तसं सांगितलं. एक शब्द गाळला नाही. मोठ्या साहेबांनी खिडकीकडे पाहिलं. बाहेर कुणी हलत नव्हतं. भिंतीवरचा हुकूम उतरवायला कुणी उठलं नाही. शेवटी ते थकल्यासारखे म्हणाले, माणसाला परत घेता येणार नाही. मग माझ्याकडे वळले. वहीत नोंद कर, मिस्त्रीने सही करण्यास नकार दिला.

मी वही उघडली. मामाच्या पानावर, अपघाताच्या नोंदीखाली लिहिलं. साहेबांनी सांगितलं त्यापेक्षा थोडं जास्त लिहिलं. माझं सुंदर अक्षर त्या दिवशी सुंदर नव्हतं. घरी बायको, दोन मुली, आई होती, आणि हे लिहिल्यावर मी त्या टेबलाशी फार दिवस बसणार नाही हे मला कळत होतं.

"काय लिवलंस?" मिस्त्रींनी विचारलं. "वाच."

मी इंग्रजीत वाचलं. फोरमन साहेबांचा चेहरा पांढरा पडला.

"आता आमच्या बोलीत वाच," मिस्त्री म्हणाले. "मोठ्यानं. भायेर उभी हायत त्यांना आईकू जाऊ दे."

मी उठलो, वही घेऊन खिडकीशी गेलो आणि त्या ऑफिसात पहिल्यांदाच आवाज चढवून वाचलं, "मिस्त्रीने सही केली नाही, कारण मजकूर खोटा होता. मिस्त्री कामात अकुशल आहे असं याआधी या वहीत मी लिहिलं, तेही खोटं होतं." आणि खाली माझं नाव होतं, तेही वाचलं.